मुक्या लग्नातला बोलका माणूस

सहा वर्षं मी एका मुक्या सिनेमाशेजारी उभा राहून बोललो. हे माझं काम होतं आणि याचा मला पगार मिळायचा. माझ्या आईला ते कधीच पटलं नाही. जुईनगरच्या आमच्या बिल्डिंगमध्ये कोणी विचारलं तर ती "तो सामाजिक कामात आहे" म्हणायची आणि लगेच लिफ्टच्या तक्रारीवर यायची.

आमची संघटना लग्नाच्या विरोधात नव्हती. हे मला दर कार्यक्रमात आधी सांगावं लागायचं, कारण सोसायटीच्या गेटवरचा वॉचमनसुद्धा आमची पत्रकं बघून आत ओरडायचा, "शादी तोडनेवाले आये हैं." आमचं म्हणणं एका ओळीत मावतं. लग्न जिचं, संमती तिची. एवढी साधी गोष्ट सांगायला पत्रक छापावं लागतं, याची या शहराला लाज वाटायला हवी. शहराला वाटत नाही, म्हणून मी छापायचो. मजकूर माझा. "किती दिवस गप्प बसणार?" हे माझं आवडतं शीर्षक, आणि त्याखाली मी चिडलेलो असायचो. नावड्याच्या बाजारात एकदा एका मावशींनी मला सुकट बांधून दिली ती माझ्याच पत्रकात. मी त्यांना म्हटलं, हे मी लिहिलंय. त्या म्हणाल्या, कागद चांगला आहे, सुकट टोचली तरी फाटत नाही.

हे ऐकून आमच्या संघटनेच्या ताईंनी पत्रकांऐवजी सिनेमा दाखवायचं ठरवलं. जर्मन शिकवून निवृत्त झालेल्या एका बाईंनी त्यांना एका जुन्या जर्मन विनोदी मूकपटाची प्रत दिली होती. सुरुवातीचा भाग कधीच हरवलेला, त्यामुळे सिनेमाला नाव नाही. गोष्ट एका शिंप्याच्या मुलीची. बाप दर रविवारी मुलं बोलावतो. मुलं येतात, केक खातात, मुलीला चालून दाखव म्हणतात, पियानो वाजव म्हणतात, एक जण तर सुईत दोरा ओवायला लावतो. आपल्याकडे पोहे, तिकडे केक, बाकी सगळं तेच. मग चौथ्या रविवारी ती मुलगी बापाच्या गळ्यातली टेप काढते आणि आलेल्या मुलाचं माप घ्यायला लागते. नाकाची लांबी, पोटाचा घेर, जांभई देताना तोंड किती उघडतं ते. बाप टेबलाखाली लपतो. शेवटी ती लग्न करते ते दारावर छत्र्या दुरुस्त करायला येणाऱ्याशी, तेही त्याला दोनदा नाही म्हणून झाल्यावर.

मूकपट म्हणजे काय, हे आजच्या मुलांना सांगावं लागतं. चित्रं हलतात, माणसं तोंड हलवतात, आवाज नाही. मध्येमध्ये पाटी येते, तिच्यावर संवाद लिहिलेला. आमच्या पाट्या जर्मनमध्ये. म्हणून पडद्याशेजारी एक माणूस माईक घेऊन उभा राहतो आणि पाटी आली की मराठीत सांगतो. तो मी. या कामाचे नियम फार नाहीत. चित्राच्या आधी बोलायचं नाही, लोकांना डोळ्यांनी हसू द्यायचं, आपण नंतर. हसण्यावरून प्रेक्षक ओळखायला मी शिकलो. मुलगी पियानोवरून घसरते तिथे पुरुष हसतात. टेप निघते तिथे बायका. दोन्ही ठिकाणी हसणारा पुरुष सहा वर्षांत मला मोजकाच भेटला, आणि त्यातले बरेच विधुर होते.

आता कबूल करतो. पाटीवर चार शब्द असले तर मी चाळीस बोलायचो. शिंप्याची मुलगी जर्मनमध्ये "उभे राहा" म्हणायची आणि माझ्या मराठीत ती हुंडाबंदीच्या कायद्यावर बोलायची. ताई म्हणायच्या, अरे, तिला श्वास घेऊ दे. पण मी पत्रकांवर वाढलेला माणूस. शांतता दिसली की मला तिथे मागणी लिहावीशी वाटते.

जुईनगरच्या एका सोसायटीत गणपतीत आमचा खेळ लावला होता, फॅन्सी ड्रेस आणि फुगड्या यांच्या मधल्या वेळेत. सेक्रेटरींनी आधी तीन वेळा विचारलं की सिनेमात चुंबन आहे का. मी म्हटलं एक आहे, पण छत्रीआड. त्यांनी समिती बसवली. समितीने छत्री मान्य केली. खेळ संपल्यावर चर्चेत एक काका उठले आणि म्हणाले की पुरुषाच्या पोटाचा घेर असा चारचौघांत मोजणं बरोबर नाही, त्यालाही भावना असतात. त्याच काकांनी त्याच आठवड्यात मुलासाठी मुलगी बघायला जाऊन तिची उंची चपला काढून मोजून घेतली होती, हे त्यांच्या सौंनी मला प्रसाद देताना सांगितलं.

त्या गर्दीत पल्लवी होती. मावशीकडे गणपतीला आलेली. राहणारी नावड्याची, गावातल्या आगरी घरातली, वय पंचवीस. दोन दिवसांनी तिचा फोन आला.

तिचं म्हणणं फार नेमकं होतं. तिचं लग्न घरात ठरलं होतं. मुलगा पनवेलकडचा, घर चांगलं, माणसं चांगली. बघायला आले तेव्हा दहा मिनिटं सगळ्यांच्या समोर बसवलं आणि पेढे वाटले. साखरपुडा तीन आठवड्यांवर. तिला त्या मुलाशी एकटीने एक तास बोलायचं होतं, आणि मग हो की नाही ते स्वतः सांगायचं होतं. वडिलांना दोनदा म्हणून पाहिलं. ते रागावले नाहीत, फक्त "बोलशील की, जनम पडलाय" म्हणून टीव्ही लावला. वडिलांना घरात सगळे नाना म्हणतात, तळोज्याच्या कारखान्यातून निवृत्त झालेले, आवाज न चढवणारे गृहस्थ. अशा माणसाशी भांडता येत नाही, हीच तिची अडचण होती.

मी तिला संघटनेची सगळी दालनं उघडून दाखवली. अर्ज, महिला कक्ष, गरज पडली तर बातमी. ती ऐकत राहिली. मग म्हणाली, "दादा, मला केस नाही करायची. तुम्ही फक्त तो पिक्चर आमच्या गावात लावा. नानांना टेपचा सीन बघू दे. ते हसले की पुढचं मी घरी बघते. आणि माझं नाव कुठेच नको."

मी शब्द दिला.

नावड्यात खेळ ठरला देवळाच्या सभागृहात, रविवारी दुपारी चार वाजता, खिडक्यांना ताडपत्री लावून. गावाच्या कमानीवर पल्लवीच्या साखरपुड्याचा फ्लेक्स आधीच चढला होता. त्यावर शुभेच्छुकांचे छत्तीस चेहरे होते, सगळे पुरुष, निम्मे गॉगल घातलेले. पल्लवीचा फोटो खाली कोपऱ्यात, रिक्षावाल्यांच्या संघटनेच्या चिन्हाशेजारी. तो फ्लेक्स बघूनच माझं डोकं फिरलं होतं. हे मी सबब म्हणून सांगत नाही.

सभागृह भरलं. आमच्याकडे लोक येतात याचं कारण फुकट असतं आणि थंडगार असतं. पुढे बायका सतरंजीवर, मागे पुरुष खुर्च्यांवर. नाना तिसऱ्या रांगेत. पल्लवी बायकांत, मध्यावर. तिच्या शेजारी हिराआत्या.

हिराआत्यांची ओळख करून द्यायला हवी. त्या गावाच्या धवलारीण. आगरी लग्नात हळदीपासून पाठवणीपर्यंत प्रत्येक विधीला धवलारीण गाते, तिच्या त्या गाण्यांना धवले म्हणतात. ती गायली की हळद लागते, ती गायली की नवरी उठते. डीजे दाराशी कितीही दणाणू दे, आत तिचा आवाज लागल्याशिवाय घरातली माणसं लग्न लागलं असं मानत नाहीत. हिराआत्या सत्तरीच्या, पाठ ताठ, तोंडात मिश्री. सिनेमा सुरू झाल्यावर पाच मिनिटांतच त्यांनी मोठ्याने विचारलं, "यांचा आवाज मेलाय काय?" मी माईकवरून समजावलं की मूकपट आहे. त्या म्हणाल्या, "मंग तू कशाला बोलतंस?" सभागृह हसलं. मीही हसलो, जरा कमी.

चौथा रविवार आला. शिंप्याच्या मुलीने टेप काढली. बायका खदखदल्या. मी मागे बघितलं. नाना हसत होते. तोंडावर हात ठेवून, खांदे हलवत, डोळे पुसत. मुलीने नाकाचं माप घेतलं तेव्हा त्यांनी शेजारच्याला कोपर मारलं. पल्लवीने मान वळवून वडिलांकडे बघितलं, आणि तिच्या चेहऱ्यावर जे आलं ते बघून कोणत्याही शहाण्या माणसाने माईक खाली ठेवला असता.

मी शहाणा नव्हतो. मला हसण्यावर भरवसा नव्हता. हसण्यात मागणी नसते, ठराव नसतो, खाली सही नसते. मला वाटलं, लोखंड तापलंय. मी माईक तोंडाशी धरला आणि म्हणालो, "हसताय काय? ही जर्मनीतली गोष्ट नाही. याच सभागृहात एक मुलगी बसली आहे. पुढच्या रविवारी तिचा साखरपुडा आहे, आणि तिला कोणी एका शब्दाने विचारलेलं नाही."

नाव घेतलं नाही, असं मी नंतर ताईंना सांगितलं. पण पुढच्या रविवारी नावड्यात एकच साखरपुडा होता आणि तो कमानीवर छत्तीस चेहऱ्यांसकट टांगलेला होता.

सगळ्या माना वळल्या. पल्लवी सरळ पडद्याकडे बघत राहिली, जणू तिथे काही महत्त्वाचं चाललंय. नाना उठले. मागून कोणी तरी विचारलं, कोण आहे रे हा, कुठून आलाय. दोघे जण प्लगच्या दिशेने निघाले. सिनेमाला यातलं काही माहीत नसल्याने तो चालूच होता. पडद्यावर एव्हाना लग्न लागत होतं. नवरा उंच टोपी घालून, नवरी झग्यात, आणि एक बँड जीव तोडून वाजत होता, बिनआवाजाचा.

"बसा खाली," हिराआत्या म्हणाल्या. मोठ्याने नाही. "समोर लगीन चाललाय आनि तुमी उठतान? लगनातनं असा कोन उठतो?" मग माझ्याकडे न बघता, "आनि तू गप. तुझा झाला बोलून."

आणि त्या गायला लागल्या.

जर्मन लग्नाला त्यांनी धवला लावला. आधी देवांना बोलावलं, गावदेवीला, खाडीला. मग मांडव आला, मग टोपवाला नवरा आला. एक ओळ त्या म्हणायच्या, तीच ओळ बायका उचलायच्या. प्लगकडे निघालेले दोघे भिंतीला टेकून उभे राहिले. लग्नात गाणं चालू असताना वायर ओढायची हिंमत नावड्यात कोणाची नाही. मी माईक बंद केला. सहा वर्षांत त्या सिनेमाला पहिल्यांदा आवाज आला, आणि तो माझा नव्हता.

धवला पुढे सरकला. लग्नाला कोणाकोणाला विचारलं, ते त्या गात होत्या. मामाला विचारलं. बायकांनी उचललं. काकाला विचारलं. बायकांनी उचललं. करवलीला विचारलं, सोयऱ्याला विचारलं, दारच्या आंब्याला विचारलं. मग त्या थांबल्या. बायका पुढच्या ओळीसाठी तोंड उघडून बसल्या. पडद्यावर नवरी चर्चच्या दारात उभी होती.

हिराआत्या साध्या आवाजात म्हणाल्या, "नवरीला इचारायची ओल मना येत नाय. माझे आयशीनं शिकवलीच नाय. तिला तिचे आयशीनं शिकवली नसंल."

नाना अजून उभे होते. ते हळूच बसले. सिनेमा संपला, पडदा पांढरा झाला, कोणी तरी ताडपत्री वर केली. आमच्या कार्यक्रमात शेवटी चर्चा असते. ती मी घेतली नाही. बाहेर चपला घालताना हिराआत्या नानांना म्हणाल्या, "पोरीला इचार. मंग मना हलदीला बोलाव." आणि गेल्या. नाना चपला हातात घेऊन बराच वेळ उभे राहिले. त्यांना समजलं होतं. धवलारीण नाही म्हणाली तर छत्तीस शुभेच्छुक मिळूनसुद्धा हळद लावता येत नाही.

मी पल्लवीकडे गेलो. माफी मागायला गेलो असं मी बरीच वर्षं सांगू शकलो असतो, पण खरं तर मी समजवायला गेलो होतो, की परिस्थितीचा दाब निर्माण करणं गरजेचं होतं वगैरे. ती सतरंजी झटकत होती. तिने मला वाक्य पुरं करू दिलं नाही.

"दादा, तुम्ही वायर गोळा करा," ती म्हणाली.

मी वायर गोळा केली.

साखरपुडा पुढे ढकलला गेला आणि तिला तिचा तास मिळाला. बुधवारी, बेलापूरला, दुपारच्या सुट्टीत, सरकारी इमारतीसमोरच्या झाडाखालच्या बाकावर. हे मला ताईंकडून कळलं. मला कोणी बोलावलं नव्हतं. मी गेलो. तिला संरक्षण लागलं तर, असं मी स्वतःला सांगितलं, आणि पत्रकांचा गठ्ठाही घेतला. संरक्षणाला पत्रकं कशी उपयोगी पडणार होती, ते मला आजही सांगता येणार नाही. लांबून तिने मला बघितलं. मोबाईलवर तिचा एका शब्दाचा मेसेज आला, "जा." मी मागे सरकलो तो चहाच्या टपरीपर्यंत, आणि तिथे नाना बसले होते.

पळून जाता आलं नाही. नानांनी सरकून जागा दिली आणि माझ्यासाठी कटिंग सांगितला. थोड्या वेळाने विचारलं, "तुझा लगीन झालाय काय?" मी नाही म्हटलं. "मंग तुला काय म्हाईत," ते म्हणाले, पण रागाने नाही. पोरगी इथेच वकिलाच्या ऑफिसात असते, असं म्हणून सरकारी इमारतीच्या शेजारच्या इमारतीकडे बोट दाखवलं. लग्न नोंदणीची कागदपत्रं टाइप करते. लोक येतात, ती त्यांचं लिहून देते, की आम्ही स्वखुशीने, कोणाच्याही दबावाशिवाय वगैरे. दिवसाला दहा जोडप्यांचं. हे मला तेव्हा पहिल्यांदा कळलं.

मग नाना चहात बघत म्हणाले, "हिचे आयशीला मी लगनाचे दिवशीच पयला बघितला. तिला कोनी इचारला व्हता का, मना म्हाईत नाय. आता इचारू तरी कोनाला? ती नाय."

पत्रकांचा गठ्ठा मी पायाशी सरकवला. मी चहा प्यायलो.

बरोबर एका तासाने पल्लवी आली. मुलगा त्याच्या गाडीकडे निघून गेला होता, जाताना त्याने नानांना लांबून नमस्कारही केला. चांगला मुलगा, खरंच. नाना उठले. ती म्हणाली, "नाही."

नानांनी विचारलं, काही वावगं बोलला काय.

"नाय नाना. चांगलंच बोलला. तासभर बोलला. त्याची गाडी, त्याचा नवीन बंगला, त्याचे मित्र, त्याची आई कसं कालवण करते. सगळं सांगितलं. मला एकपण प्रश्न नाही विचारला."

नानांनी टपरीवाल्याला पैसे दिले, खिशातून मोबाईल काढला आणि म्हणाले, "तू हापिसात जा. उशीर झाला. त्यांना फोन मी करतो." मी तिथे होतो, पण दोघांपैकी कोणालाही ते लक्षात आलेलं दिसलं नाही.

मी मात्र पेटलो होतो. घरी येऊन एका बैठकीत पत्रक लिहिलं. माझं आजवरचं सगळ्यात चांगलं, असं मला वाटलं. ना कायद्याचं कलम, ना "जागे व्हा". साध्या ओळी. तो बोलत राहिला. स्वतःचंच सांगत राहिला. तिला काय वाटतं, ती काय करते, तिला काय हवंय, एकदाही विचारलं नाही. आणि तरी त्याला वाटत होतं की हे सगळं तिच्याच भल्यासाठी चाललंय. खाली संघटनेचं नाव. या वेळी शहाणपण आलं होतं, म्हणून छापायच्या आधी पल्लवीला पाठवलं, नाव कुठे नाही ना ते बघ म्हणून.

दोन निळ्या खुणा लगेच आल्या. उत्तराला वेळ लागला, बहुधा ती कोणाची तरी स्वखुशी टाइप करत असेल. मग आलं.

"नाव नाहीये. छान लिहिलंय. फक्त एक सांगा दादा, हे त्या मुलाबद्दल आहे की तुमच्याबद्दल?"

ते पत्रक मी छापायला दिलं नाही.